राजवट पडली, व्यवस्था उभीच आहे : बांगलादेशाकडे आंबेडकरी नजरेने पाहताना

शेख हसीना ५ ऑगस्ट २०२४ रोजी ढाका सोडून भारतात आल्या. तिथे संसदेसाठी मतदान आणि त्याच दिवशी 'जुलै सनदे'वर सार्वमत यासाठी १२ फेब्रुवारी २०२६ हा दिवस ठरवला गेला. हसीना गेल्यानंतरच्या काळात आपल्याकडे बांगलादेशाचा वापर दोनच कामांसाठी झाला. पहिले, "बघा, आरक्षणाने देश कसा पेटतो" हे सांगण्यासाठी. दुसरे, "बघा, हिंदूंचे काय हाल होतात" असे म्हणत इथल्या मुसलमानाच्या दारावर मोर्चे नेण्यासाठी. खेदाची गोष्ट ही, की आपल्याच काही तरुणांच्या मोबाईलवरूनही हे दोन्ही संदेश पुढे ढकलले गेले. म्हणून आम्हाला आज सविस्तर लिहावे लागत आहे.

आधी आरक्षणाचा मुद्दा. ज्या कोट्यावरून बांगलादेश पेटला तो कोटा नेमका कुणाचा होता, हे आपल्या माध्यमांनी सांगितले नाही. १९७२ मध्ये मुक्तिसंग्रामात लढलेल्यांसाठी सरकारी नोकऱ्यांत ३० टक्के जागा ठेवल्या गेल्या. हात-पाय गमावून आलेल्या, घरदार जळालेल्या सैनिकाला नोकरी मिळावी, यात गैर काहीच नव्हते. पण १९९७ मध्ये हा लाभ त्यांच्या मुलांना मिळाला आणि २०१० मध्ये नातवंडांनाही. दोन्ही वेळा सत्तेत अवामी लीग होती. मुक्तियोद्धा कोण याची यादी सरकार ठरवणार आणि त्या यादीच्या जोरावर तिसरी पिढी नोकरीला लागणार! याला प्रतिनिधित्व म्हणत नाहीत. हे वतन आहे. महार वतनाच्या बेड्या तोडणाऱ्या बाबासाहेबांच्या लेकरांना वतन आणि प्रतिनिधित्व यातला फरक दुसऱ्या कुणी शिकवायची गरज नाही.

त्याच कोट्याच्या रचनेत आणखीही हिस्से होते. स्त्रियांसाठी १० टक्के, मागास जिल्ह्यांसाठी १०, आदिवासी व अल्पसंख्य जमातींसाठी ५ आणि अपंगांसाठी १ टक्का. म्हणजे एकूण ५६ टक्क्यांत खऱ्या अर्थाने सामाजिक न्यायाचे आणि सत्तेच्या बक्षिसाचे असे दोन्ही हिस्से एकाच पिशवीत भरलेले. २०१८ मध्ये विद्यार्थी रस्त्यावर आले, तेव्हा हसीना सरकारने वरच्या श्रेणींतल्या नोकऱ्यांमधली ती पिशवीच फेकून दिली. ५ जून २०२४ रोजी उच्च न्यायालयाने तो निर्णय बेकायदा ठरवला आणि पुन्हा आंदोलन उभे राहिले. आंदोलनाचे नाव होते 'विषमताविरोधी विद्यार्थी आंदोलन', आणि त्यांची मागणी सगळा कोटा काढून टाका अशी नव्हतीच. राज्यघटनेत सांगितलेल्या मागास घटकांसाठी किमान कोटा ठेवा आणि बाकी अन्याय्य कोटा काढा, अशी ती मागणी होती. हे वाक्य आपल्याकडच्या एकाही आरक्षणविरोधी पोस्टमध्ये तुम्हाला सापडणार नाही.

पुढे काय झाले? हसीनांनी आंदोलक विद्यार्थ्यांना 'रझाकारांची नातवंडे' ठरवणारे वक्तव्य केले. १६ जुलैला रंगपूरमध्ये हात पसरून उभ्या असलेल्या अबू सईद या विद्यार्थ्याला पोलिसांनी गोळ्या घातल्या. त्यानंतर जे झाले त्यात, संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार कार्यालयाच्या अहवालानुसार, १ जुलै ते १५ ऑगस्ट या काळात १४०० पर्यंत माणसे मारली गेली असावीत. गोळ्या झाडणाऱ्यांत बहुतांश सुरक्षा दले होती. मध्येच, २१ जुलैला सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. ९३ टक्के जागा गुणवत्तेवर, ५ टक्के मुक्तियोद्ध्यांच्या मुलांना, १ टक्का आदिवासी व अल्पसंख्य जमातींना आणि १ टक्का अपंग व तृतीयपंथीयांना.

हे आकडे पुन्हा वाचा. ज्या वतनाविरुद्ध लढाई होती त्याला ५ टक्के उरले. ज्यांच्याविरुद्ध कुणाचीच तक्रार नव्हती त्या आदिवासींचे ५ चे १ झाले. स्त्रियांचे १० टक्के शून्यावर आले. बांगलादेशच्या राज्यघटनेतले कलम २९ मागास घटकांना शासकीय सेवेत पुरेसे प्रतिनिधित्व मिळावे म्हणून विशेष तरतूद करायला मोकळीक देते. कलम आहे, पण त्याच्यामागे कायदा नाही, आयोग नाही, आणि ते वापरायला भाग पाडणारी चळवळही नाही. सगळा कोटा सरकारी आदेशावर चालला आणि आदेशानेच गेला. म्हणून 'मेरिट'चा जयजयकार झाला तेव्हा दुबळ्याचा हिस्सा कुणाच्या लक्षातही न येता कापला गेला.

आता कुणी विचारेल, मग हसीनांची राजवट पडली हे वाईट झाले काय? आम्ही म्हणतो, ती पडायलाच हवी होती. २०१४ च्या निवडणुकीत ३०० पैकी १५३ जागांवर मतदानच झाले नाही, उमेदवार बिनविरोध आले. २०१८ च्या निवडणुकीवर गैरप्रकारांचे डाग आहेत आणि जानेवारी २०२४ मध्ये प्रमुख विरोधी पक्ष मैदानातच नव्हता. तीन निवडणुकांत माणसाला आपले मत नीट टाकता येत नसेल, तर त्याने जायचे कुठे?

इथे आपल्याकडचे काही शहाणे बाबासाहेबांचे २५ नोव्हेंबर १९४९ चे भाषण काढतात आणि सांगतात, आंबेडकरांनी आंदोलनांना अराजकाचे व्याकरण म्हटले आहे. हे अर्धे वाचन आहे. संविधानिक मार्ग उपलब्ध नसताना इतर मार्गांचे समर्थन होऊ शकते, मार्ग खुले असताना मात्र नाही, असे बाबासाहेबांचे म्हणणे होते. ढाक्यात मतपेटीचा मार्ग हसीनांनी स्वतः बंद केला होता. त्याच भाषणात बाबासाहेबांनी राजकारणातली भक्ती हुकूमशाहीकडे नेते असेही बजावले होते. मुजीबूर रहमान यांच्या नावाने गावोगावी पुतळे उभारून, त्यांच्यावरील टीका हा गुन्हा ठरवून, ज्या देशात एका कुटुंबाची पूजा बांधली गेली, तिथे ते पुतळे दोर लावून पाडले गेले. भक्तीचा शेवट असाच होतो. आपल्या चळवळीतल्या नेत्यांच्या फ्लेक्सखाली उभे राहून आपण हे वाक्य जरा सावकाश वाचावे.

पण बाबासाहेबांच्या म्हणण्याचा दुसरा अर्धा भाग हसीनांनंतर आलेल्या सत्ताधाऱ्यांना लागू होतो. मार्ग खुला झाल्यावर जमावाने घरी जायला हवे होते. जमाव गेला नाही. ५ फेब्रुवारी २०२५ च्या रात्री धानमंडीतले मुजीबांचे घर पाडले जात असताना सरकार बघत राहिले. डिसेंबर २०२५ मध्ये 'प्रथम आलो' आणि 'डेली स्टार' या वृत्तपत्रांच्या कचेऱ्या जाळल्या गेल्या. त्याच दिवशी मैमनसिंह जिल्ह्यात धर्मनिंदेचा आरोप करून एका हिंदू कारखाना कामगाराला जमावाने ठार मारले. विद्यार्थ्यांच्या आंदोलनातून निघालेला पक्ष निवडणुकीच्या तोंडावर जमात-ए-इस्लामीच्या आघाडीत गेला आणि त्याच्याच काही महिला नेत्यांनी पक्ष सोडला. विषमतेविरुद्ध सुरू झालेली वाट दीड वर्षात कुठे येऊन पोहोचली, ते पाहा.

एक प्रसंग आम्हाला सगळ्यात जास्त बोलका वाटतो. नववी-दहावीच्या बांगला व्याकरणाच्या पुस्तकाच्या मागच्या मुखपृष्ठावर एक भित्तिचित्र छापले होते. एक झाड आणि त्याची पाने : मुस्लिम, हिंदू, बौद्ध, ख्रिस्ती, आदिवासी. 'आदिवासी' या शब्दाला एका गटाने हरकत घेतली आणि पाठ्यपुस्तक मंडळाने ते चित्रच काढून टाकले. १५ जानेवारी २०२५ रोजी याचा निषेध करायला आलेल्या आदिवासी विद्यार्थ्यांना ढाक्यात मंडळाच्या कचेरीसमोर काठ्यांनी मारहाण झाली. हे विद्यार्थीसुद्धा जुलैमध्ये त्याच रस्त्यांवर घोषणा देत होते. आंदोलनात त्यांचे हात चालले, पुस्तकात त्यांचे एक पान चालले नाही.

आता ज्यांचा उल्लेख कुठल्याच बातमीत नसतो, त्यांच्याविषयी. ढाक्याच्या बंशाल भागात मिरनजिल्ला नावाची 'हरिजन' वस्ती आहे. हो, जे नाव आपण इथे भिरकावून दिले ते तिथे अजून कागदावर आणि माणसांच्या कपाळावर आहे. इंग्रजांनी कानपूरकडून आणि तेलुगू मुलखातून नेलेल्या सफाई कामगारांचे वंशज अशा वस्त्यांत पिढ्यानपिढ्या राहतात, शहर झाडतात, आणि त्यांच्या नावावर एक वीत जमीन नसते. जून २०२४ मध्ये, आंदोलन पेटायच्या जेमतेम महिनाभर आधी, बाजार बांधायचा म्हणून महापालिकेने या वस्तीवर बुलडोझर नेला. तेव्हा राज्य 'धर्मनिरपेक्ष' हसीनांचे होते. सिल्हेट-मौलवीबाजारच्या चहामळ्यांतले मजूर ऑगस्ट २०२२ मध्ये दिवसाला ३०० टका मागत संपावर गेले, तेव्हाही राज्य त्यांचेच होते. मिळाले १७० टका. आधी १२० होते.

म्हणून आमचा प्रश्न साधा आहे. राजवट पडल्यावर झाडू कुणाच्या हातातून सुटला? चहामळ्यातली लेबर लाईन कुणाच्या नावावर झाली? संविधान सुधारणा आयोगाने जानेवारी २०२५ मध्ये राज्यघटनेच्या मूलतत्त्वांतून 'धर्मनिरपेक्षता' काढून समता, मानवी प्रतिष्ठा, सामाजिक न्याय, बहुविधता असे शब्द सुचवले. शब्द देखणे आहेत. पण मिरनजिल्लातल्या मुलीला कारकुनाची खुर्ची मिळवून देणारे कलम त्यात कुठे आहे?

आता दुसऱ्या टोळीकडे वळू. हसीना गेल्यानंतर अल्पसंख्याकांवर हल्ले झाले हे सत्य आहे. हिंदू-बौद्ध-ख्रिश्चन ऐक्य परिषदेने ४ ते २० ऑगस्ट २०२४ या काळात २०१० घटना नोंदवल्या. यातले बहुतेक हल्ले राजकीय आहेत, धार्मिक नाहीत, असे तिथल्या पोलिसांचे म्हणणे. आम्हाला हा युक्तिवाद पटत नाही. रागाचे कारण काहीही असो, जळते ते घर ज्याला राखणदार नाही त्याचेच. खैरलांजीपासून आपण हेच ऐकत आलो आहोत, 'हा जातीय प्रकार नाही'. जे आपल्या बाबतीत खोटे ठरले ते खुलना-बारिसालच्या गरीब हिंदूच्या बाबतीत खरे कसे मानायचे?

पण या अश्रूंचा व्यापार करणाऱ्यांना आम्ही विचारतो, तिथे उरलेला हिंदू कोण आहे? ऐपतवाले भद्रलोक फाळणीच्या सुमारास मोठ्या संख्येने निघून गेले. मागे राहिला तो मुख्यतः नमोशूद्र शेतकरी, मच्छीमार, सफाईवाला. त्यातले जे नंतर आले त्यांचे तुम्ही काय केले? गडचिरोलीतल्या चामोर्शी-मुलचेरा भागात जाऊन पाहा. सरकारने जंगलपट्ट्यात वसवलेली बंगाली निर्वासित कुटुंबे तिथे दोन-तीन पिढ्या राहतात. पश्चिम बंगालमध्ये नमोशूद्र अनुसूचित जातीत आहेत, महाराष्ट्राच्या यादीत नाहीत. ढाक्यातल्या हिंदूसाठी मुंबईत मोर्चा काढणाऱ्यांनी मुलचेऱ्यातल्या हिंदूच्या जातीच्या दाखल्यासाठी एक निवेदन तरी दिले काय? उलट जून २०२५ मध्ये मुंबई परिसरात मजुरी करणाऱ्या पश्चिम बंगालच्या माणसांना बांगलादेशी ठरवून सीमेपार ढकलले गेले आणि नंतर परत आणावे लागले. बांगला बोलणारा गरीब त्यांच्या लेखी एकतर अश्रू ढाळण्याचे निमित्त आहे किंवा घुसखोर. माणूस तो कधीच नाही.

या मातीशी आपले नाते व्हॉट्सअॅपच्या व्हिडिओतून आलेले नाही. १९४६ मध्ये मुंबई प्रांतातून संविधान सभेचे दार बाबासाहेबांना बंद झाले, तेव्हा बंगालमधून त्यांना निवडून पाठवण्यासाठी जोगेंद्रनाथ मंडल आणि त्यांचे नमोशूद्र सहकारी झटले. बारिसालचे मंडल पुढे पाकिस्तानचे पहिले कायदा व कामगार मंत्री झाले. दलित आणि मुसलमान हे दोन पिडलेले समाज एकत्र राहतील हा त्यांचा विश्वास प्रामाणिक होता. पण सत्ता स्थिर झाल्यावर तो विश्वास राज्याने पाळला नाही. १९५० च्या दंगलीत त्यांचा समाज होरपळला आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये राजीनामा देऊन ते भारतात आले. आम्ही मंडलांना दोष देत नाही. त्यांच्याशिवाय आपल्या इतिहासातले एक पान कोरे राहिले असते. पण बाबासाहेब आयुष्यभर प्रत्येक वाटाघाटीत लेखी हमी का मागत राहिले, गोलमेज परिषदेपासून संविधान सभेपर्यंत कलमांसाठी का भांडले, याचे उत्तर मंडलांच्या त्या राजीनाम्यात आहे.

मित्रांनो, उद्या आपल्याही देशात राजवटी बदलतील. भ्रष्टाचारविरोधी, हुकूमशाहीविरोधी, बेरोजगारीविरोधी आंदोलने उभी राहतील आणि पहिल्या रांगेत आपली पोरे असतील. त्यांनी जरूर जावे. पण जाण्याआधी व्यासपीठावरच्या लोकांना तीन गोष्टी विचाराव्यात. तुमच्या मागणीपत्रात प्रतिनिधित्वाचा शब्द कुठे लिहिला आहे? तुमच्या समितीत आमची माणसे निर्णय घ्यायला आहेत की सतरंज्या उचलायला? आणि सत्ता पडल्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्या वस्तीवर जमाव आला तर तुम्ही कुठे उभे असाल? याची उत्तरे आधी आणि लेखी घ्या. विजयाच्या मिरवणुकीत ती कुणी देत नसते.

आणि मोबाईलवर बांगलादेशाचा पुढचा व्हिडिओ आला की तो पुढे ढकलण्याआधी पाठवणाऱ्याला एकच विचारा : मिरनजिल्ला कुठे आहे, सांग.

जय भीम!