कानाआडचं काम

कर्जतला पाहुणे आले की चौकजवळच्या एन. डी. स्टुडिओचा विषय निघतोच. 'जोधा अकबर'चा सेट इथलाच ना! नितीन देसाई २०२३ मध्ये गेले, पण त्यांचं काम पडद्यावर बोटानं दाखवता येतं. साउंड एडिटरनं काय दाखवायचं?

संवाद साफ करायचे, पावलं, बांगड्या, पाऊस भरायचा, आणि कुठे काहीच वाजू द्यायचं नाही तेही ठरवायचं. जमलं तर कुणाला कळत नाही, चुकलं तर सगळ्यांना ऐकू येतं.

'गंध'चंच बघा. सिनेमा वासावरचा, आणि २००८ च्या राष्ट्रीय पुरस्कारांत ध्वनीसाठीचा पुरस्कार मिळाला अनमोल भावे आणि प्रमोद थॉमस यांना! वास पडद्यावर दिसत नाही. बराचसा कानातूनच पोचवावा लागतो.

उलट आपल्या मालिका. एक वाक्य, तीन चेहरे, तीनदा "ढॅण्ण!" मी त्यासाठी एडिटरला दोष देणार नाही. रोज एक भाग द्यायचा तर शांततेला वेळ कुठून आणणार? आणि ती मागतं तरी कोण?

असो. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ध्वनीचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. घरातल्या कुणी त्याचं नाव काढलं, तर "त्यात कसलं करिअर?" म्हणण्याआधी पाच मिनिटं डोळे मिटून एखादा सिनेमा नुसता ऐका. मग बोलू.