घराचे कर्ज : हप्त्यापलीकडील हिशेब

सावकाराच्या वहीवर अंगठा उठविणाऱ्या आपल्या वाडवडिलांना व्याजाचा हिशेब कोणी दाखविलाच नाही. आपण तर साक्षर आहात. मग बँकेच्या कागदावर सही करताना केवळ मासिक हप्ताच का विचारता? २० लाखांचे कर्ज, दर शेकडा ९, मुदत २० वर्षे असे धरा. हप्ता सुमारे १७,९९५ रुपये. पहिल्या हप्त्यातील १५,००० रुपये व्याजातच जातात. मुद्दल फिटते ते अवघे २,९९५! अखेरीस भरणा होतो ४३ लाखांहून अधिक. मुदत १५ वर्षे केल्यास हप्ता सुमारे २,२९० रुपयांनी वाढतो खरा, परंतु साडेसहा लाखांहून अधिक रक्कम वाचते.

दर बदलता असेल तर अधिक सावध असावे. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अवधीत रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर नेला, तेव्हा पुष्कळांचा हप्ता तोच राहिला आणि मुदत मात्र मुकाट्याने लांबली. दर बदलताना हप्ता वाढवावा की मुदत, हे ठरविण्याचा पर्याय कर्जदारास द्यावा, असा रिझर्व्ह बँकेचा ऑगस्ट २०२३ चा आदेश आहे. तो पर्याय मागा; परतफेडीचे संपूर्ण कोष्टकही लेखी मागा.