बचावाचा दरवाजा

नांदेडचा मोंढा काय किंवा लातूरची गंजगोलाई काय, मराठवाड्यातील या पेठांचा व्यवहार शब्दावर आणि उधारीवर चालत आला आहे. सोयाबीन, तूर, हरभरा यांचा माल गिरणीत आधी जातो, पैसा मागाहून येतो. तो अडला म्हणजे आडत्या अडतो, आणि आडत्यामागे शेतकरी. दिवाणी दाव्याची रखडपट्टी अशा वेळी व्यापाऱ्याची पत बुडवावयास पुरेशी होते.

यावर उपाय म्हणून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ३७ व्या आदेशाने संक्षिप्त दाव्याची सोय केली आहे. हुंडी, धनादेश, वचनचिठ्ठी किंवा लेखी करारान्वये येणे असलेली निश्चित रक्कम अशा मागण्यांसाठी ती आहे. येथे प्रतिवादीस बचाव आपोआप मिळत नाही. त्याने दहा दिवसांत हजेरी नोंदवावी, आणि निकालासाठीचे समन्स बजावले गेल्यावर पुन्हा दहा दिवसांत प्रतिज्ञापत्रासह परवानगी मागावी. सबळ कारणावाचून हे चुकले, तर हुकूमनामा वादीच्या पदरात पडतो.

ही परवानगी कोणत्या मापाने द्यावी, हा खरा प्रश्न आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९७६ साली मेकॅलेक प्रकरणात आणि पुढे २०१६ साली हबटाउन प्रकरणात पायऱ्या घालून दिल्या. बचाव भक्कम असेल किंवा वाजवी वाद दिसत असेल, तर सामान्यतः विनाअट परवानगी. प्रामाणिकपणाविषयी शंका असेल तर रक्कम भरण्याची वा तारणाची अट. बचाव निव्वळ पोकळ असेल तर नकार. जेवढी रक्कम प्रतिवादी कबूल करतो, तेवढी त्याने न्यायालयात भरलीच पाहिजे. परवानगी हा नियम आणि नकार हा अपवाद, असेही २०२२ साली त्याच न्यायालयाने बजावले.

हे धोरण आम्हांस सर्वस्वी योग्य वाटते. पेठेतील व्यवहाराचा मोठा भाग तोंडी असतो. मालातील ओलाव्याबद्दल कपात ठरलेली असते, काही रक्कम रोखीने चुकती झालेली असते, विश्वासाने दिलेल्या कोऱ्या धनादेशावर आकडा दुसऱ्याच हाताने चढलेला असतो. यांतील किती गोष्टींचा कागद दहा दिवसांत हाती येणार? १९५८ साली संतोषकुमार विरुद्ध भाई मूलसिंग या खटल्यात, केवळ त्या टप्प्यावर कागदी पुरावा नाही म्हणून तारण मागणे सर्वोच्च न्यायालयाने गैर ठरविले, ते याच विचाराने. पुरावा ही सुनावणीची बाब आहे. सुनावणीच्या दारात मागावयाची पट्टी नव्हे.

दार उघडले की ऋणको वर्षानुवर्षे पैसा वापरणार, अशी धनकोची तक्रार आहे. ती खोटी नाही. परंतु तिचा इलाज बचाव नाकारण्यात नसून, परवानगीनंतरची सुनावणी मुदतीत संपविण्यात आहे. व्यापारी न्यायालयांची मर्यादा २०१८ साली एक कोटीवरून तीन लाखांवर आणली गेली, ती छोट्या व्यापाऱ्यासही जलद न्याय मिळावा म्हणूनच. तसेच, बेताच्या ऐपतीच्या प्रतिवादीस झेपणार नाही अशी अट घालणे म्हणजे दुसऱ्या शब्दांत नकारच होय, हेही न्यायाधीशांनी ध्यानी ठेवावे.

मोंढ्यातील मंडळींस आमचे सांगणे एवढेच: सौदा, कपात आणि भरणा यांची दोन ओळींची का होईना, सहीनिशी नोंद ठेवा. ती धनकोचे येणेही राखील आणि ऋणकोचा खरा बचावही.