दोष किड्याचा की हॅलचा?

तर मंडळी, सबमिशनच्या आठवड्यात मी काय वाचत होतो? ग्रीन लँटर्न. (रेक्टर सरांनी एवढी ओळ सोडून वाचावी.) हॅल जॉर्डन यातला हिरो. बोटात हिरवी अंगठी, मनात आणलं की वस्तू हजर. १९९३ च्या अंकांत त्याचं कोस्ट सिटी बेचिराख होतं, ७० लाख माणसं जातात. तो अंगठीच्या जोरावर शहर परत उभं करू बघतो, तर वरचे मालक म्हणतात, स्वतःसाठी पॉवर वापरायची नाही. गडी बिथरतो. १९९४ च्या 'एमराल्ड ट्वायलाइट'मध्ये तो आपल्याच साथीदारांना लोळवून अंगठ्या काढून घेतो, किलोवॉगसारख्या जुन्या दोस्ताला मारतो. पुढे १९९६ मध्ये विझणारा सूर्य पेटवताना स्वतः जीव देतो. तो अंक संपवून मी रात्री दोनला गॅलरीत नुसता उभा होतो.

पण २००४ मध्ये जेफ जॉन्सने 'रीबर्थ' लिहिलं. म्हणे हॅलचा दोष नव्हताच, परॅलॅक्स नावाचा पिवळा किडा त्याच्यात शिरला होता. कानाजवळचे पांढरे केससुद्धा किड्यामुळेच! मला फसवल्यासारखं वाटलं. चूक त्याची नव्हतीच, तर मरून त्याने फेडलं काय?

मी कॉन्व्हेंटचा, त्यामुळे नेताजी पालकर मला फर्स्ट इयरला रूममेटकडून कळले. १६६६ मध्ये पन्हाळ्याला वेळेवर पोचले नाहीत, सरनौबती गेली. रागाने आधी विजापूरकरांकडे गेले, मग मुघलांकडे. महाराज आग्र्याहून निसटल्यावर औरंगजेबाने त्यांना पकडवलं, तेही आपल्या शेजारच्या बीड जिल्ह्यातल्या धारूरला. धर्म बदलायला लावला, महंमद कुलीखान नाव दिलं, काबूलकडे धाडलं. १६७६ मध्ये ते परत आले आणि महाराजांनी त्यांना घेतलं. तिथे कुणाला किडा शोधावा लागला नाही. गेले होते ते नेताजीच आणि आले तेही नेताजीच.

रूममेटचं म्हणणं, "अरे, कॉमिक आहे, एवढं काय मनाला लावून घेतोस?" लावून घेतो, कारण मागच्या सेमला मी मेस सेक्रेटरी होतो. काँट्रिब्युशनमधले १,८०० रुपये मी मोबाईलच्या डिस्प्लेला घातले. मीटिंगमध्ये सांगितलं, हिशोबाची वही हरवली. सगळे म्हणाले, होतं रे असं, तुझा काय दोष. पैसे मी नंतर गुपचूप भरले, पण "तुझा काय दोष" हे ऐकून जेवण गोड लागेना. वही हा माझा पिवळा किडा.

वही हरवलेली नाही. माझ्या ट्रंकेत, ड्रॉइंग शीट्सच्या खाली आहे. येत्या रविवारच्या मेस मीटिंगला घेऊन येतोय. मावशींनाही सांगायचंय, कारण त्या महिन्यात भाजी पातळ झाली म्हणून शिव्या त्यांनी खाल्ल्या होत्या.