वाशीकरांचे नाव किती जणांना ठाऊक आहे?

द्वारका चौकातून मुंबईच्या रस्त्याला लागले की पांडवलेण्यांच्या पायथ्याशी दादासाहेब फाळके यांचे स्मारक लागते. फाळके स्वतःच कथा रचीत, दिग्दर्शन करीत, छायाचित्रणही पाहत. पुढे चित्रपट बोलू लागला आणि लेखणीचे काम वेगळ्या माणसाकडे गेले. श्रमविभागणीने उत्पादन वाढते, हे आम्ही वर्गात शिकवितो; श्रेयाची वाटणी कशी होते, हे मात्र पाठ्यपुस्तकात नसते.

‘प्रभात’चा ‘संत तुकाराम’ (1936) घ्या. 1937 साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. दामले-फत्तेलाल सर्वांस माहीत आहेत, विष्णुपंत पागनीसांना तर लोक तुकोबाच मानू लागले. पण पटकथा लिहिणारे शिवराम वाशीकर? ‘गोपाळकृष्ण’, ‘संत ज्ञानेश्वर’ आणि ‘रामशास्त्री’ या चित्रपटांचे लेखनही त्यांचेच, हे आमच्या विद्यार्थ्यांपैकी क्वचितच कोणी सांगेल.

वाशीकरांनी चमत्कारांच्या कथेला प्रपंचाचा भक्कम पाया दिला. त्यांची जिजाई भुकेल्या पोरांचा हिशेब मांडते आणि आजारी मुलासाठी पायातली वहाण उगारून थेट विठोबाला जाब विचारते. अखेरीस तुकोबा वैकुंठाला निघतात, ती मात्र संसार सोडीत नाही. दिवाळे निघालेल्या वाण्याच्या घरात भक्तीची किंमत कोण मोजते, हे एवढ्या स्पष्टपणे क्वचितच कुठे आले असेल. ही बाई भांडखोर म्हणून हसण्यावारी नेणे सोपे होते. गौरीबाईंचा अभिनय थोर खरा, पण तिला बोलावयास शब्द कोणी तरी दिले होते.

आणि त्याच कथेतला सालोमालो! तुकोबांची कवने आपली म्हणून मिरविणारा. श्रेयाची चोरी हाच ज्या चित्रपटातील खलनायकाचा धंदा, त्याच्याच लेखकाचे नाव विस्मृतीत जावे, याला काय म्हणावे? चोरी येथे कोणीच केलेली नाही. आम्ही प्रेक्षकांनीच श्रेयनामावली संपण्याची वाट पाहिली.

2012 च्या दुरुस्तीने कॉपीराइट कायद्यात चित्रपटलेखकाला, चित्रपटगृहाबाहेरच्या वापरातून मिळणाऱ्या मानधनाचा, सोडून देता न येणारा हक्क मिळाला. वाशीकरांच्या पिढीला त्याचा उपयोग नाही. त्यांच्यासाठी एवढे तरी व्हावे: फाळके स्मारकात शाळांच्या सहली येतात, तेथे लेखकांच्या नावांचा एक फलक लागावा, आणि महाविद्यालयांच्या चित्रपट मंडळांनी हा चित्रपट दाखविताना आधी पटकथाकाराचा परिचय करून द्यावा. आमच्या महाविद्यालयात येत्या सत्रापासून आरंभ करण्याचा विचार आहे.