विश्लेषण : उत्तर आयर्लंडमध्ये सरकार परतले, पण कारभार रुळावर आला का?

उत्तर आयर्लंडमध्ये ३ फेब्रुवारी २०२४ रोजी शिन फेन पक्षाच्या मिशेल ओनील ‘फर्स्ट मिनिस्टर’ झाल्या. अखंड आयर्लंडचा पुरस्कार करणाऱ्या पक्षाकडे हे पद प्रथमच गेले. दोन वर्षे ठप्प असलेले सरकारही त्याच दिवशी पुन्हा सुरू झाले. त्यानंतरच्या वर्षभरात काय साधले?

सरकार ठप्प का झाले होते?

जेमतेम १९ लाख लोकसंख्येच्या या प्रदेशात दोन मुख्य गट आहेत. युनियनिस्टांना ब्रिटनमध्येच राहायचे आहे, तर नॅशनलिस्टांना आयर्लंड प्रजासत्ताकाशी एक व्हायचे आहे. १९९८च्या गुड फ्रायडे करारानुसार दोघांनी मिळून सत्ता चालवायची असते. फर्स्ट मिनिस्टर आणि डेप्युटी फर्स्ट मिनिस्टर यांचे अधिकार समान असतात आणि एकाने राजीनामा दिला की दुसऱ्याचेही पद जाते. ब्रेक्झिटनंतर ब्रिटनमधून येणाऱ्या मालावर तपासणी सुरू झाली. त्याच्या निषेधार्थ युनियनिस्टांचा सर्वांत मोठा पक्ष ‘डीयूपी’ फेब्रुवारी २०२२ मध्ये सरकारबाहेर पडला. त्याच वर्षी मे महिन्यातील निवडणुकीत ९० पैकी २७ जागा जिंकून शिन फेन पहिल्या क्रमांकावर आला, डीयूपीला २५ मिळाल्या. तरीही सरकार बनू शकले नाही.

मग कोंडी कशी फुटली?

१८ जानेवारी २०२४ रोजी परिचारिका, शिक्षक, बसचालक यांच्यासह लाखाहून अधिक कर्मचारी वेतनवाढीसाठी संपावर गेले. लंडनने ३.३ अब्ज पौंड देऊ केले होते, पण ते सरकार परत आल्यावरच मिळणार होते. मालतपासणीत आणखी सवलती मिळाल्यावर डीयूपी राजी झाला. पक्षाच्या एमा लिटल-पेंगेली डेप्युटी झाल्या.

सरकारची कसोटी कुठे लागली?

मार्चअखेर फौजदारी आरोपांमुळे डीयूपीचे नेते जेफ्री डोनाल्डसन पायउतार झाले (त्यांनी आरोप नाकारले आहेत). पक्षाला समेटाकडे नेणारा नेताच गेला, तरी सरकार टिकले. जुलैच्या ब्रिटिश संसदेच्या निवडणुकीत शिन फेनने आपल्या सातही जागा राखल्या. डीयूपी आठवरून पाचवर घसरला. १९७०पासून पेसली घराण्याकडे असलेली नॉर्थ अँट्रिमची जागाही गेली, तीही या समेटाला विरोध करणाऱ्या जिम ॲलिस्टर यांच्याकडे. त्यामुळे पुढे नमते घेताना डीयूपीला आपल्याच मतदारांचा धाक राहणार, हे उघड झाले.

ऑगस्टमध्ये बेलफास्टमध्ये स्थलांतरितांच्या दुकानांवर हल्ले झाले, तेव्हा विधिमंडळाची खास बैठक बोलावण्यात आली. नोव्हेंबरमध्ये युद्धात मरण पावलेल्या सैनिकांच्या स्मृतिदिनी ओनील बेलफास्टमधील अधिकृत सोहळ्याला गेल्या. शिन फेनच्या इतक्या वरिष्ठ नेत्याने असे करणे नवे होते. पक्षातून आणि समर्थकांतून त्यावर टीकाही झाली.

दरी बुजली का?

नाही. ब्रेक्झिटनंतरचे व्यापारनियम चालू ठेवावेत का, यावर १० डिसेंबरला मतदान झाले. ठराव ४८ विरुद्ध ३६ मतांनी मंजूर झाला, पण युनियनिस्ट सदस्य एकजुटीने विरोधात राहिले. दोन्ही गटांची संमती असती, तर नियमांना आठ वर्षांची मुदत मिळाली असती. ती नसल्याने मुदत चार वर्षांचीच झाली आणि स्वतंत्र फेरआढावाही ओघाने आला. म्हणजे ज्या प्रश्नावर सरकार पडले होते, तो काही वर्षांपुरता पुढे ढकलला गेला.

सामान्यांच्या पदरात काय पडले?

शिक्षकांसह अनेकांचे वेतनतंटे मिटले. मात्र रुग्णालयांतील प्रतीक्षायादी ब्रिटनमध्ये सर्वांत लांब आहे आणि मोठ्या लोकसंख्येला पिण्याचे पाणी पुरवणाऱ्या लॉख नेय सरोवरात निळे-हिरवे शेवाळ माजले आहे. कारभाराच्या आराखड्याचा मसुदा सप्टेंबरमध्ये आला, पण त्याला अंतिम मंजुरी मिळायला फेब्रुवारी २०२५ संपत आला. दशकाहून अधिक काळातला हा पहिलाच आराखडा होता.

एका राजीनाम्याने सरकार पाडण्याची तरतूद मात्र अजून तशीच आहे. शस्त्रक्रियेची वाट पाहणाऱ्यांची रांग कमी करायची, तर काही वर्षे सलग निधी आणि कटू निर्णय लागतात. सरकार कधीही कोसळू शकते, अशी धास्ती असलेले मंत्री असे निर्णय टाळतात. वर्षभर सरकार टिकले, ही जमेची बाजू खरी, पण त्याचे मोल ही रांग किती घटते यावरूनच ठरेल.