लिब्रेट म्हणजे लिबरेट नव्हे!

मंडळी, आधीच सांगते, मी कॉन्व्हेंटवाली. त्यामुळे शुद्धलेखनाच्या चुका पोटात घाला. पण आज जी चूक कबूल करायची आहे ती मराठीतली नाही, चक्क इंग्रजीतली आहे!

माझी रूममेट जिल्हा परिषदेच्या शाळेतली. फर्स्ट इयरपासून तिचं इंग्रजी मी 'चेक' करते. या सेमिस्टरला तिने 2023 च्या चांद्रयान-3 वर सेमिनार घेतला. रिपोर्टमध्ये एका ठिकाणी चंद्र 'लिब्रेट' होतो असं होतं. मी ऐटीत गोल काढला आणि 'लिबरेट' करून दिलं. तिने मुकाट्याने तसंच टाइप केलं. सेमिनारला सर म्हणाले, "चंद्राला कोणी डांबून ठेवलं होतं का?" अख्खा वर्ग तिला हसला. आणि मी? गप्प बसले. ते अजून टोचतंय.

रात्री डिक्शनरी उघडली. लॅटिनमध्ये लिब्रा म्हणजे तराजू. त्यावरून लिब्रेट, म्हणजे तोल साधताना इकडे-तिकडे झुलणं. मी वाचून दाखवलं तर ही म्हणते, "अगं, हे तर आमच्या दुकानातलंच!" तिच्या वडिलांचं भुसार मालाचं दुकान. पारड्यात ज्वारी टाकली की काटा दोन-चारदा इकडे-तिकडे जातो, मग मध्ये थांबतो. झालं, हेच लिब्रेट!

चंद्राचंही तसंच. तो स्वतःभोवती एकसारख्या वेगाने फिरतो, पण कक्षा लंबवर्तुळाकार असल्याने पृथ्वीभोवतीचा वेग कमी-जास्त होतो. म्हणून तो आपल्याला किंचित डुलताना दिसतो, आणि निम्म्याऐवजी एकूण सुमारे 59 टक्के चंद्र पाहायला मिळतो. यावरच्या निबंधाला लाग्रांजला 1764 मध्ये पॅरिसच्या अकादमीचं बक्षीस मिळालं होतं. (हो, मॅथ्समध्ये छळतो तोच!)

मग आम्ही दोघी सुटलोच. लिब्रा हे रोमनांचं वजनही होतं, म्हणून पाउंड लिहितात 'एलबी'. इतकी वर्षं लिहिलं, पण पाउंडमध्ये एल आणि बी आले कुठून, हे मला कधी विचारावंसं वाटलं नाही. इक्विलिब्रियम म्हणजे सारखी झालेली पारडी. सर्व्हेइंगच्या प्रॅक्टिकलची 'लेव्हल'सुद्धा छोट्या लिब्रापासूनच आलेली. लिबरेट मात्र मोकळं या अर्थाच्या वेगळ्याच शब्दावरून आला. दोघांचा काही संबंध नाही.

माझं म्हणणं एवढंच. मेकॅनिक्समध्ये इक्विलिब्रियम हा शब्द फळ्यावर येतो आणि पुढच्या मिनिटाला सिग्मा एफ इज इक्वल टू झीरो. मधे दोन मिनिटं तो तराजू काढा ना, सर! आम्हा कॉन्व्हेंटवाल्यांना उच्चार येतो, म्हणून अर्थही येतो असं सगळे धरून चालतात, आम्हीसुद्धा. आणि जिने लहानपणापासून काटा स्थिर होताना पाहिला, ती माझ्या उच्चाराला घाबरून बरोबर शब्द खोडते. हे काही बरोबर नाही.

आता ती रिपोर्ट देते तेव्हा वर डिक्शनरी ठेवते. सरांना मी अजून काही सांगितलेलं नाही. हे छापून आलं की कळेलच.